कियांतीच्या टेकड्यांवरील सायंकाळ : द्राक्षमळे, तळघरे आणि वाइनचा आस्वाद

इटलीतील फ्लॉरेन्स आणि सिएना या दोन प्राचीन नगरांच्या मध्ये जो डोंगराळ मुलूख पसरला आहे, त्याला कियांती म्हणतात. द्राक्षमळे, ऑलिव्हच्या बागा, ओक वृक्षांची राने आणि टेकड्यांच्या माथ्यांवर वसलेली दगडी गावे ही या टस्कन मुलखाची ओळख. दुपार कलल्यावर फ्लॉरेन्समधून निघावे, एखाद्या मळ्यावर पोहोचून तेथील तळघर पाहावे आणि सूर्य मावळत असताना त्याच मळ्यातील तीन-चार प्रकारच्या वाइन चाखाव्यात, अशा छोट्या गटांच्या सहली येथे वर्षाचा बराच काळ चालतात. वरवर पाहता हा निवांतपणाचा कार्यक्रम आहे. परंतु पेल्यात जे ओतले जाते त्यामागे तीनशे वर्षांपूर्वीचा एक हुकूम, जमीन कसणाऱ्यांचा इतिहास आणि एका नावासाठी चाललेला दीर्घ वाद आहे. ही पार्श्वभूमी ठाऊक असलेल्या प्रवाशाला ही सायंकाळ अधिक काही देऊन जाते.

सहलीचे स्वरूप

अशा सहलीत बहुधा सात-आठ प्रवासी असतात. इटलीत साध्या मोटार परवान्यावर चालकासह नऊ आसनांपर्यंतचे वाहन चालविता येते, त्यामुळे छोट्या व्हॅनमध्ये मावतील तेवढे आठ जण हा गटाचा सोयीचा आकडा ठरतो. लहान गटाचा खरा लाभ मळ्यावर पोहोचल्यावर कळतो. जुनी तळघरे अरुंद असतात. पिंपांच्या रांगांमधून चाळीस माणसांना नेले, तर मागच्यांना काही ऐकू येत नाही आणि यजमानाला प्रश्नांची उत्तरे देण्यास अवसर राहत नाही. सात-आठ जणांना एका मेजाभोवती बसविता येते. पुष्कळदा मळ्याच्या मालकाच्या घरातील एखादी व्यक्तीच त्यांना माहिती देते.

फ्लॉरेन्सपासून जवळच्या मळ्यांपर्यंत साधारण तासाभराचा वळणावळणाचा रस्ता आहे. ग्रेव्हे, पान्झानो आणि कास्तेल्लिना या गावांवरून सिएनाकडे जाणारा जुना मार्ग ‘कियांतिजाना’ या नावाने ओळखला जातो. स्वतः मोटार चालवीत येथे यावे असे अनेकांना वाटते. परंतु इटलीत चालकाच्या रक्तातील मद्यार्काची मर्यादा लिटरमागे अर्धा ग्रॅम आहे आणि परवाना मिळून तीन वर्षे न झालेल्यांना तेवढीही सवलत नाही. चाखण्यासाठी जायचे असेल तर चालक दुसरा असलेला बरा.

नावाची सीमा

कियांती हे प्रथम प्रदेशाचे नाव होते, पुढे ते वाइनचे झाले. वाइनला कीर्ती लाभताच भोवतालच्या मुलखातील उत्पादकही तेच नाव वापरू लागले. ही लबाडी रोखण्यासाठी टस्कनीचा ग्रँड ड्यूक कोझिमो तिसरा दे मेदिची याने १७१६ मध्ये हुकूम काढून कियांतीसह चार वाइनक्षेत्रांच्या सीमा आखून दिल्या. पोर्तुगालमध्ये मार्किश द पोंबाल याने पोर्ट वाइनसाठी दोरू खोऱ्याची सीमा ठरविली ती १७५६ मध्ये, म्हणजे चाळीस वर्षांनंतर.

या कोझिमोची एक देणगी गोमंतकीयांच्या नित्य परिचयाची आहे. जुने गोवे येथील बॉम जीझस बॅसिलिकेत संत फ्रान्सिस झेवियर यांची चांदीची पेटी ज्या संगमरवरी समाधिचौथऱ्यावर विराजमान आहे, तो याच ग्रँड ड्यूकने फ्लॉरेन्समध्ये घडवून घेतला होता. जोव्हान्नी बात्तिस्ता फोज्जिनी या शिल्पकाराची ती कृती १६९८ मध्ये गोव्यात उभारली गेली. त्यानंतर अठरा वर्षांनी त्याच राजाने कियांतीची सीमा आखली.

हुकमाने वाद संपला नाही. १९२४ मध्ये राद्दा या गावी ३३ उत्पादकांनी एकत्र येऊन संघ स्थापन केला आणि काळा कोंबडा हे आपले चिन्ह ठरविले. १९३२ मध्ये सरकारने कियांती हे नाव भोवतालच्या विस्तीर्ण प्रदेशाला वापरू दिले आणि मूळ मुलखाला ‘क्लासिको’ हे उपपद दिले. म्हणूनच आजही ‘कियांती’ आणि ‘कियांती क्लासिको’ या दोन वेगळ्या वाइन आहेत. त्यांची क्षेत्रे निराळी आणि नियमही निराळे. बाटलीच्या गळ्यावरील काळा कोंबडा केवळ दुसरीवर असतो. काजू फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, त्यामागचे तत्त्व हेच आहे : नाव त्या भूमीचे आहे, ते बाहेरच्याने लावू नये.

कोंबड्याची आख्यायिका सहलीत हमखास सांगितली जाते. फ्लॉरेन्स आणि सिएना यांचे सीमेवरून वैर होते. पहाटे कोंबडा आरवताच दोन्ही नगरांतून एकेक स्वार निघावा आणि ते भेटतील तेथे सीमा मानावी, असे ठरले. सिएनाने पांढरा कोंबडा खाऊ घालून गुबगुबीत केला, तर फ्लॉरेन्सने काळा कोंबडा उपाशी ठेवला. भुकेला कोंबडा उजाडण्यापूर्वीच आरवला, फ्लॉरेन्सचा स्वार लवकर निघाला आणि सिएनापासून अवघ्या काही मैलांवर दोघांची गाठ पडली. कियांतीचा बहुतांश मुलूख त्यामुळे फ्लॉरेन्सकडे गेला, असे ही कथा सांगते.

मळ्यांमागची माणसे

टेकड्यांवर एकेकटी दिसणारी दगडी घरे ही या मुलखाची सर्वांत मोहक गोष्ट. ती श्रीमंतांच्या हौसेखातर बांधलेली नव्हती. ती अर्धेलीने जमीन कसणाऱ्या कुटुंबांची घरे होती. ‘मेझ्झाद्रिया’ या शतकानुशतके चाललेल्या पद्धतीत जमीन व घर मालकाचे, श्रम कुळाचे आणि पीक निम्मे-निम्मे असे. एकाच शेतात गहू, ऑलिव्ह आणि द्राक्षवेली घेतल्या जात, कारण कुटुंबाला वर्षभर खायचे असे.

दुसऱ्या महायुद्धानंतर ही व्यवस्था कोसळली. तरुण मंडळी कारखान्यांकडे आणि शहरांकडे गेली, घरे ओस पडली. १९६४ मध्ये इटलीने कायद्याने नवे अर्धेलीचे करार बंद केले. गोव्यात कृषी कूळ कायदा आला तोही १९६४ मध्येच. परंतु येथे प्रश्न कसणाऱ्याच्या हक्काचा होता, तर कियांतीत तोवर कसणाराच निघून जाऊ लागला होता. रिकाम्या जमिनींवर पुढे केवळ द्राक्षांचे सलग मळे उभे राहिले. १९८५ च्या कायद्याने शेतकऱ्याला आपल्या घरी पाहुणे ठेवण्यास रीतसर मान्यता दिली. अट अशी की, शेती हाच मुख्य व्यवसाय राहिला पाहिजे आणि आतिथ्य तिला पूरक असावे. आजच्या सायंकाळच्या सहली याच वळणावरच्या आहेत. मळ्यावर थेट विकली जाणारी बाटली लहान उत्पादकाला मध्यस्थाविना दाम मिळवून देते. त्याच वेळी ज्या घरांत कुळे नांदली त्यांतील अनेक घरे आता परदेशी धनिकांची विश्रामगृहे झाली आहेत, हेही तेथील वास्तव आहे.

पेल्यात काय असते

कियांती क्लासिकोचा प्राण म्हणजे सांजोव्हेझे हे काळे द्राक्ष. त्याची वाइन माणकासारखी लाल, चेरीच्या गंधाची, ठसठशीत आम्लतेची आणि किंचित तुरट असते. ब्रोलिओच्या गढीचा धनी आणि पुढे इटलीचा पंतप्रधान झालेला बॅरन बेत्तीनो रिकासोली याने दीर्घ प्रयोगांनंतर १८७२ मध्ये तिचे सूत्र लिहून ठेवले. गंध आणि जोम यांसाठी सांजोव्हेझे, त्याचा कठोरपणा निवविण्यासाठी कानायोलो, आणि लवकर प्यायच्या वाइनसाठी थोडे पांढरे माल्व्हाझिया. मुरवायच्या वाइनमध्ये पांढरे द्राक्ष नको, असे त्याचे मत होते.

१९६७ च्या नियमांनी मात्र पांढऱ्या द्राक्षांचे मिश्रण सक्तीचे केले आणि वाइन पातळ होऊ लागली. काही उत्पादकांनी नियम झुगारून उत्तम वाइन केली आणि ती ‘साधी मेजवानीची वाइन’ अशा कनिष्ठ नावाखाली विकली. १९७१ च्या हंगामापासूनची तिन्यानेल्लो ही त्यांतील प्रसिद्ध. अखेर नियमच बदलले. २००६ च्या हंगामापासून पांढरी द्राक्षे वर्ज्य झाली. आता किमान ८० टक्के सांजोव्हेझे आवश्यक आहे. ‘रिझेर्व्हा’ किमान २४ महिने, तर २०१४ पासून बाजारात आलेली ‘ग्रान सेलेझिओने’ ही सर्वोच्च श्रेणी किमान ३० महिने मुरवावी लागते.

आस्वादाची रीत

चाखण्याचा क्रम हलक्या वाइनकडून भारदस्त वाइनकडे असतो. पेल्यात दोन-तीन घोटच ओतले जातात. प्रथम रंग पाहावा. सायंकाळच्या तांबूस उजेडात प्रत्येक वाइन अधिक लाल भासते, म्हणून रंग पारखायचा तर उजेड असतानाच पेला पांढऱ्या कागदावर तिरका धरावा. मग पेला हलकेच फिरवून गंध घ्यावा आणि लहान घोट जिभेवर खेळवावा. तोंडाला पाणी सुटणे ही आम्लतेची खूण, तर हिरड्या आवळल्यासारखे वाटणे ही टॅनिनची. कोकम आणि कच्ची सुपारी यांची चव ज्याला ठाऊक आहे, त्याला हा फरक समजावून सांगावा लागत नाही. मेजावर ठेवलेल्या भांड्यात घोट थुंकणे किंवा उरलेली वाइन ओतणे अशिष्ट मानले जात नाही. पाचव्या पेल्यापर्यंत जीभ जागी ठेवायची तर ते आवश्यकच असते.

सोबत बिनमिठाचा टस्कन पाव, मळ्यातलेच ऑलिव्ह तेल, मेंढीच्या दुधाचे पेकोरिनो चीज आणि बडीशेप घातलेले फिनोक्किओना हे डुकराच्या मांसाचे काप असतात. पाव अळणी लागतो, परंतु खारट चीज आणि मांस यांच्याबरोबर तोच जुळतो. शाकाहारी प्रवाशांनी नोंदणी करतानाच तसे कळवावे. पेकोरिनो बनविताना बहुधा प्राणिज रेनेट वापरतात, हेही काटेकोर शाकाहाऱ्यांनी लक्षात ठेवावे. शेवटी अनेक ठिकाणी ‘विन सान्तो’ ही सुकविलेल्या द्राक्षांपासून केलेली गोड वाइन आणि बदामाची कडक बिस्किटे येतात.

ऋतू आणि वेळ

गोव्यात उन्हाळा आणि हिवाळा यांतील सूर्यास्ताच्या वेळांत सुमारे तासाभराचाच फरक असतो. फ्लॉरेन्स विषुववृत्तापासून बरेच दूर असल्याने तेथे जूनमध्ये सूर्य रात्री नऊच्या सुमारास, सप्टेंबरच्या मध्यास साडेसातला, तर डिसेंबरमध्ये पावणेपाचच्या आतच मावळतो. म्हणून सहलीच्या निघण्याची वेळ महिन्यागणिक बदलते आणि ती नोंदणीपूर्वी पाहून घेणे अगत्याचे ठरते. तेथे सूर्य तिरकस रेषेत उतरत असल्याने संधिप्रकाशही गोव्याहून अधिक वेळ रेंगाळतो.

मे-जूनमध्ये डोंगर हिरवेगार असतात. जुलै-ऑगस्टमध्ये ऊन कडक असते आणि लाल वाइन पेल्यात लवकर तापते. सप्टेंबर ते मध्य ऑक्टोबर हा द्राक्षे तोडण्याचा काळ. तेव्हा तळघरात आंबणाऱ्या रसाचा वास दरवळतो, मात्र मळेवाले कामात गढलेले असतात. सूर्यास्त प्रत्येक मळ्यावरून सारखा दिसत नाही. कास्तेल्लिनाकडच्या पश्चिम उतारांवरून एल्सा नदीच्या खोऱ्याकडे दृष्टी मोकळी जाते, तर अरण्याने वेढलेल्या मळ्यांवर सावली लवकर उतरते. ढगाळ दिवशी सूर्य दिसेलच याची हमी कोणी देत नाही. तळघर आणि यजमान चांगले असतील, तर त्या सायंकाळी फारसे काही उणे राहत नाही.

बाटली आणताना

चाखलेली प्रत्येक वाइन विकत घेणे बंधनकारक नसते. भारतात परतताना प्रौढ प्रवाशाला दोन लिटरपर्यंत मद्य शुल्काविना आणता येते. पाऊण लिटरच्या दोन बाटल्या त्यात बसतात, तिसरी बसत नाही. त्या सामानात कपड्यांत गुंडाळून ठेवाव्यात, हातातील पिशवीत नव्हे. कोकणपट्टीच्या उष्णतेत स्वयंपाकघरातील फडताळ ही वाइनची जागा नाही. घरातील सर्वांत थंड, अंधाऱ्या कोपऱ्यात बाटली आडवी ठेवावी. कियांतीच्या तळघरात जी वाइन १६ ते १८ अंशांवर पेल्यात आली, ती गोव्याच्या ३० अंशांत तशी लागणार नाही. उघडण्यापूर्वी अर्धा-पाऊण तास तिला शीतकपाटात ठेवावे, म्हणजे चेरीचा तो गंध पुन्हा ओळखू येईल.