तिकीट नाही म्हणजे बग नाही?

क्लायंट म्हणतो, "सिस्टीम स्लो आहे." आपण म्हणतो, "सर्व्हर तर ठणठणीत आहे." दोघंही खरंच बोलतात, डोक्यातली चित्रं फक्त वेगळी. आर्थर क्लाइनमन या अमेरिकन मनोविकारतज्ज्ञाने सहकाऱ्यांसोबत १९७८ मध्ये डॉक्टर आणि रुग्णाबद्दल हेच मांडलं. रुग्णालाच विचारा: हे कशामुळे झालं असं वाटतं? भीती कशाची वाटते?

आता आपल्या विदर्भातलं बघा. अभय आणि राणी बंग, दोघंही नागपूर मेडिकलचे, १९८६ पासून गडचिरोलीत. त्यांनी दोन गावांतल्या ६५० स्त्रिया तपासल्या. ९२ टक्के स्त्रियांना स्त्रीरोग निघाले, आणि त्याआधी तपासणी झालेल्या जेमतेम ८ टक्के! १९८९ मध्ये हे 'लॅन्सेट'मध्ये छापून आलं. म्हणजे तपासणी झाली नव्हती, पण दुखणं होतंच.

पुढे दवाखाना बांधतानाही त्यांनी आदिवासींनाच विचारलं, कसा हवा? मोठ्या इमारतीची भीती वाटते, हे कळलं. मग गावातल्या घरांसारख्या झोपड्या उभ्या राहिल्या, आणि नाव ठेवलं दंतेश्वरी देवीचं.

आपण याला रिक्वायरमेंट म्हणतो, आणि बहुतेकदा न विचारताच लिहून टाकतो. तिथे फार तर रिलीज पुढे जातं. दवाखान्यात मात्र माणूस परत येतच नाही.