क्लीनिंग आणि डिसइन्फेक्टिंग : फरक काय आणि फोनसाठी काय वापरायचं?

स्प्रे मारला, लगेच फडक्याने पुसलं, झालं काम! बहुतेक घरांत असंच होतं. पण अशाने जागा स्वच्छ दिसते, जंतू मेलेच असं नाही. कारण ही दोन वेगळी कामं आहेत.

क्लीनिंग (स्वच्छ करणे)
साबणाच्या रेणूचं एक टोक तेलाला धरतं, दुसरं पाण्याला. त्यामुळे मळ सुटतो आणि त्याच्यासोबत बरेच जंतूही निघून जातात. लादी, टेबल अशा जागांसाठी रोज एवढं पुरेसं आहे.

डिसइन्फेक्टिंग (निर्जंतुक करणे)
यात उरलेले जंतू रसायनाने मारले जातात. दोन अटी आहेत :

१. आधी स्वच्छ करा. मळाखालचे जंतू वाचतात, शिवाय ब्लीचची ताकद मळावरच खर्च होते.
२. वेळ द्या. लेबलवर दिलेला वेळ जागा ओली राहिली पाहिजे. काही उत्पादनांना १० मिनिटंही लागतात. लगेच पुसलं तर उपयोग नाही.

कधी गरज आहे?
घरात कुणी आजारी असेल तर दाराच्या कड्या, नळ, रिमोट. कच्चं चिकन किंवा मासे कापल्यावर ओटा. तो नंतर पाण्याने पुसून घ्या.

फोन कसा पुसायचा?
- फोन बंद करा, चार्जर आणि कव्हर काढा.
- किंचित ओल्या मायक्रोफायबर कापडाने डाग पुसा.
- मग ७०% आयसोप्रोपिल अल्कोहोलचा वाइप हलक्या हाताने फिरवा. आयफोनसाठी ॲपलही हेच सुचवते. ब्लीच आणि हायड्रोजन पेरॉक्साइड मात्र नको म्हणते.
- फोनवर थेट स्प्रे मारू नका, पोर्टमध्ये ओल जाऊ देऊ नका.

९९% अल्कोहोल जास्त चांगलं असेल ना? नाही. जंतूंची प्रथिनं मोडायला थोडं पाणी लागतं, आणि ९९% वालं फार पटकन उडून जातं. रोज रोज मात्र अल्कोहोल नको, स्क्रीनवरचं बोटांचे डाग रोखणारं कोटिंग झिजतं.

हे कधीच मिसळू नका
ब्लीच आणि ॲसिडवालं टॉयलेट क्लीनर एकत्र आलं की विषारी क्लोरीन वायू तयार होतो. अमोनिया असलेल्या काच क्लीनरसोबतही ब्लीच धोकादायकच. दोन बाटल्या मिसळून ताकद दुप्पट होत नाही, जीवावर बेतू शकतं. एका वेळी एकच वापरा आणि खिडकी उघडी ठेवा.