बृहन्मुंबई महानगरपालिका मुख्यालय

मुंबईच्या फोर्ट भागात, छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनससमोर, दादाभाई नवरोजी मार्ग आणि महापालिका मार्ग जेथे मिळतात त्या कोनात उभी असलेली दगडी वास्तू. वास्तुविशारद फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स. समोरचे रेल्वे स्थानकही त्यांचेच, त्यामुळे दोन्ही इमारती शेजारणींसारख्या एकमेकींना निरखत उभ्या आहेत. ९ डिसेंबर १८८४ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड रिपन यांच्या हस्ते कोनशिला बसवली गेली आणि १८९३ मध्ये काम पूर्ण झाले. खर्च मंजूर रकमेपेक्षा कमीच आला. सरकारी बांधकामात हा प्रकार दुर्मिळच म्हणायचा.

शैली व्हेनेशियन गॉथिक. मात्र घुमटांच्या घडणीत इंडो-सारासेनिक वळण स्पष्ट दिसते. त्रिकोणी भूखंडाची अडचण स्टीव्हन्स यांनी संधी मानली. दोन्ही रस्त्यांलगत इमारतीचे पंख मागे पसरवून त्यांनी मनोरा आणि प्रवेशद्वार नेमके कोपऱ्यावर आणले. मनोऱ्याची उंची सुमारे २३५ फूट. प्रवेशद्वारावरच्या उंच त्रिकोणी भिंतीवर पंख असलेली एक स्त्रीमूर्ती आहे. ती म्हणजे ‘हिंदुस्थानातील अग्रगण्य नगरी’, अर्थात मुंबई. शहराचा हा तोरा तेव्हा कलकत्त्याला रुचला नसणार.

दाराशी सर फिरोजशाह मेहता यांचा पुतळा आहे. १८८८ च्या महापालिका कायद्याच्या घडणीत त्यांचा मोठा वाटा होता. पुढे मूळ इमारतीला लागून विस्तारित इमारत बांधण्यात आली; कचेऱ्यांची गर्दी आता तिकडेही विभागली आहे.