लोणारची सहल आणि सरोवराचा इतिहास

मंडळाच्या स्मरणिकेसाठी काहीतरी लिहा, असा अध्यक्षाबाईंनी आग्रह धरला तेव्हा मी प्रथम नाहीच म्हटले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. वाण्याच्या यादीपलीकडे हातात लेखणी धरण्याचा प्रसंग कधी आला नाही. परंतु "इतिहास म्हणजे काही राजेरजवाड्यांचाच नसतो, तुम्ही लोणारला जे पाहिले तेच लिहा," असे त्या म्हणाल्या. म्हणून हे धाडस करीत आहे. उणेअधिक भगिनींनी सांभाळून घ्यावे.

सहलीची कल्पना निघाली ती संक्रांतीच्या हळदीकुंकवाला. आमच्यातील एका भगिनीची लेक परदेशी असते. तिने इटलीतील कोमो सरोवराच्या काठच्या एका गावाची छायाचित्रे पाठविली होती. सकाळी आगगाडीने जायचे, वाटाड्याबरोबर गाव पाहायचे, होडीत बसायचे आणि रात्री घरी परतायचे. निळे पाणी, काठाला टुमदार घरे, वर डोंगर. सगळ्याजणी ती चित्रे हातोहात पाहत होत्या. एवढ्यात धुळ्याहून आलेल्या एक वयस्क बाई म्हणाल्या, "आपल्याजवळ लोणार आहे, ते किती जणींनी पाहिले?" कोणाचाच हात वर झाला नाही. खानदेशातल्या बायकांना एरंडोलजवळचे पद्मालय ठाऊक असते, जळगावच्या मेहरूणची बोरे ठाऊक असतात. पण शेजारच्या बुलढाणा जिल्ह्यातील लोणार, जे पाहायला जगभरची विद्वान माणसे येतात, ते आम्ही पाहिले नव्हते. आणि तेव्हाच, २०२४ च्या फेब्रुवारीत जायचे ठरले.

मला या सहलीची ओढ आणखी एका कारणाने होती. माझ्या सासूबाईंचे माहेर मेहकरकडचे. लोणारची गोष्ट त्या मला नेहमी सांगत. लग्नानंतर त्यांना पुन्हा तिकडे जाण्याचा योग आला नाही. "एकदा लोणारच्या तीर्थात हात बुडवायचा आहे," असे त्या म्हणत आणि आम्ही "जाऊ की सवडीने" म्हणत असू. ती सवड कधी झाली नाही. त्या गेल्या त्याला तेव्हा वर्ष होत आले होते. त्यांच्या करंड्यातील हळद मी तशीच जपून ठेवली होती. ती पुडीत बांधून बरोबर घेतली. तीर्थात सोडावी, म्हणजे त्यांची इच्छा पुरी होईल, असे मनात धरले होते. घरात कोणाला बोलले नाही.

पहाटे चारला जळगावहून गाडी निघाली. भुसावळ, मुक्ताईनगर मागे टाकून मलकापूरला चहा झाला. राजूरचा घाट चढून बुलढाणा लागले, तेव्हा चांगले उजाडले होते. पुढे चिखली, मेहकर करीत लोणारला पोहोचलो. गावात एक मार्गदर्शक ठरविलेले होते. बोलणे मृदू, पण माहिती चोख. त्यांनी पहिल्यांदा आम्हांला सरोवराच्या कडेवर उभे केले आणि दोन मिनिटे कोणी बोलू नका म्हणून सांगितले. पन्नास बायका आणि दोन मिनिटे गप्प! पण खरोखरच कोणी बोलले नाही. जमिनीत एक अजस्र परात ठेवावी तसा तो गोल खड्डा. तळाशी हिरवट पाणी, भोवती दाट झाडी.

या खड्ड्याची रुंदी सुमारे १.८ किलोमीटर आणि काठापासूनची खोली दीडशे मीटरच्या आसपास आहे. इटलीतील कोमोचे सरोवर बर्फाच्या नद्यांनी हळूहळू दरी कोरून झाले. आपले लोणार तसे झालेले नाही. आकाशातून एक प्रचंड उल्का आली, काळ्या कातळावर आदळली आणि क्षणात हा खड्डा पडला. हा काळा कातळ म्हणजे आपल्या खानदेशचाच कातळ. लळिंगचा किल्ला ज्यावर उभा आहे आणि अजिंठ्याची लेणी ज्यात कोरली, तोच हा साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्याचा दगड.

हे उल्केचे ज्ञान मात्र फार जुने नाही. १८२३ मध्ये अलेक्झांडर नावाच्या एका इंग्रज अधिकाऱ्याने हे ठिकाण पाहिल्याची नोंद आहे. त्यानंतर दीडशे वर्षे बहुतेकांना वाटे की हा विझलेल्या ज्वालामुखीचा खड्डा असावा. १९७० नंतर भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण आणि अमेरिकेतील स्मिथसोनियन संस्था यांच्या शास्त्रज्ञांनी तळाशी खोल भोके पाडून खालचा दगड वर काढला. त्यात मॅस्केलिनाइट नावाची एक काच सापडली. अशी काच ज्वालामुखीच्या उष्णतेने होत नाही, भयंकर आघाताच्या दाबानेच होते. १९७३ मध्ये हा शोध प्रसिद्ध झाला आणि वाद मिटला. चंद्रावरचे पुष्कळ खड्डेही असेच काळ्या कातळात उल्का आदळून झालेले, म्हणून चंद्राचा अभ्यास करणाऱ्यांना लोणारचे अगत्य वाटते. खड्ड्याचे वय पूर्वी पन्नास हजार वर्षांच्या आसपास धरीत. २०१० च्या सुमारास झालेल्या तपासात ते पावणेसहा लाख वर्षांच्या जवळ निघाले.

हे ऐकल्यावर आमच्यातील एक तरुण भगिनी म्हणाली, "म्हणजे लवणासुराची गोष्ट खोटीच की!" मला ते लागले. कारण ती गोष्ट मी सासूबाईंच्या तोंडून ऐकलेली. लवणासुर नावाचा दैत्य जमिनीखालच्या विवरात राहत असे आणि लोकांना छळीत असे. विष्णूने सुंदर तरुणाचे रूप घेतले. दैत्याच्या दोन बहिणींकडून त्याचे लपण्याचे ठिकाण काढून घेतले आणि पायाच्या अंगठ्याने विवराचे झाकण उडवून दिले. ते झाकण धाकेफळ येथे जाऊन पडले, तोच तिथला डोंगर. दैत्य मेला. त्याचे रक्त म्हणजे हे पाणी आणि मांस म्हणजे त्यातले मीठ.

मार्गदर्शक हसले नाहीत. ते म्हणाले, "बाई, आपल्या जुन्या लोकांजवळ दुर्बीण नव्हती. पण हा खड्डा नेहमीसारखा नाही, एका मोठ्या दणक्याने झाला आहे आणि आतली वस्तू बाहेर दूर फेकली गेली आहे, हे त्यांनी ओळखले. ते त्यांनी गोष्टीत सांगितले." मला हे पटले. गोष्टीला शास्त्र म्हणू नये, हे खरे. पण शास्त्र आले म्हणून गोष्ट सांगणाऱ्या आजीला मूर्ख ठरवू नये, हेही तितकेच खरे. मला मात्र दैत्याच्या त्या दोन बहिणींचे राहून राहून वाईट वाटत होते. सासूबाईंनी त्यांची नावे कधी सांगितली नव्हती, आणि पुढे त्यांचे काय झाले तेही नाही.

त्यानंतर आम्ही गावातील दैत्यसूदनाचे देऊळ पाहिले. बाराव्या-तेराव्या शतकाच्या सुमाराचे हे देऊळ. बाहेरच्या भिंती चांदणीसारख्या कोनाकोनांच्या आणि त्यांवर मूर्तींच्या रांगा. आत छतावर पुराणांतील प्रसंग कोरलेले आहेत. धुळे जिल्ह्यातील बळसाण्याची देवळे ज्यांनी पाहिली असतील, त्यांना हे काम ओळखीचे वाटेल. चाळीसगावजवळ पाटणला भास्कराचार्यांच्या नातवाने मठ काढला, त्याचा शिलालेख तेराव्या शतकाच्या आरंभीचा. म्हणजे इकडे आपल्या खानदेशात गणिताची पाठशाळा चालू होती त्याच सुमाराच्या काळात तिकडे हे दगड घडत होते.

अकबराच्या दरबारातील अबुल फजलने सोळाव्या शतकाच्या अखेरीस ऐन-इ-अकबरी हा ग्रंथ लिहिला. त्यात मेहकर सरकारातील लोणारची नोंद आहे. हे मोठे तीर्थ असून ब्राह्मण याला विष्णुगया म्हणतात, असे त्याने लिहिले आहे; आणि इथे काच व साबण करण्याची सामग्री मिळते, तिच्यापासून सरकारला उत्पन्न होते, हेही सांगितले आहे. त्याच ग्रंथात आपल्या खानदेशाचाही वृत्तांत आहे. पुढे अकबराने १६०१ मध्ये असिरगड घेतला आणि शहाजादा दानियालच्या नावावरून या प्रांताला काही काळ दानदेश म्हणत. काच म्हटली की बायकांच्या मनात पहिली बांगडी येते. या खाऱ्या पाण्याच्या काठी उन्हातान्हात क्षार गोळा करणारे हात कोणाचे होते, ते अबुल फजलने लिहिलेले नाही. पण मिठाच्या आणि मातीच्या कामात बायका नसतील असे मला तरी वाटत नाही.

मग धारेवर गेलो. तिथे गोमुखातून गोड्या पाण्याची धार बारमाही पडते आणि जवळच खाली एवढे खारे पाणी! याचे कारण मार्गदर्शकांनी सोप्या रीतीने सांगितले. सरोवरात पाणी येते, पण बाहेर जायला वाट नाही. ते फक्त उन्हाने आटते आणि क्षार मागे राहतात. आपण आमटी फार वेळ आटवली म्हणजे खारट होते, तसेच हे. शतकानुशतके आटून आटून त्यात मुख्यतः धुण्याच्या सोड्याच्या जातीचा क्षार साठला आहे. २०२० च्या जून महिन्यात हे पाणी गुलाबी झाले होते. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने तपास करून सांगितले की खाऱ्या पाण्यात वाढणाऱ्या सूक्ष्म जीवांमुळे तो रंग आला होता. पाऊस पडून पाणी वाढले आणि रंग गेला.

पायवाटेने खाली उतरून कमळजादेवीच्या देवळाशी आलो. नवरात्रात इथे यात्रा भरते. देवळासमोर सासू-सुनेची विहीर आहे. तिचे एका बाजूचे पाणी गोड आणि दुसऱ्या बाजूचे खारट, असे म्हणतात. कोणती बाजू सासूची, यावर आमच्यात पुष्कळ हशा झाला. विहीर मात्र त्या दिवशी पाण्याखाली होती. मी हसले नाही, कारण माझा हात पिशवीतील पुडीवर होता.

मी पुडी काढून पाण्याकडे निघाले तोच मार्गदर्शकांनी विचारले, "ताई, काय आहे?" मी सांगितले. ते नम्रपणे म्हणाले, "पाण्यात काही सोडू नका. हे २००० सालापासून अभयारण्य आहे. २०२० मध्ये जगातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीतही याचे नाव गेले. तुमची चिमूटभर हळद, पण येणाऱ्या प्रत्येकाची चिमूट धरली तर?" गावाचे सांडपाणी, शेतातले खत, यात्रेकरूंचे निर्माल्य यांनी या पाण्याचा मूळ गुण बिघडतो, हे अभ्यासकांनी वारंवार सांगितले आहे, असेही ते म्हणाले.

खरे सांगते, मला राग आला. देवाधर्माच्या गोष्टीत हे कोण सांगणार, असे वाटले. डोळ्यांत पाणीही आले. आमच्यातील दोघीतिघी माझ्या बाजूने बोलू लागल्या. त्यांच्या पिशव्यांतही निर्माल्य होते, नारळ होते. थोडी बाचाबाची झाली. तेव्हा धुळ्याच्या त्या वयस्क बाई पुढे आल्या आणि मला म्हणाल्या, "सासूबाईंना हात बुडवायचा होता ना? मग तू हात बुडव. हळद बुडवायची असे त्या कुठे म्हणाल्या होत्या?"

मी खाली बसून हात बुडविला. पाणी साबणासारखे बुळबुळीत लागले. ओल्या तळव्यावर मी पुडीतली थोडी हळद घेतली, आणि पाहता पाहता ती लाल झाली! शेजारी उभी असलेली एक अहिराणी बोलणारी भगिनी ओरडलीच, "आवो माय, हाई तं कुंकू व्हयी गयं!" मार्गदर्शक म्हणाले की क्षारामुळे हळद लाल होते. त्यात आम्हांला नवे ते काय? हळदीला टाकणखार लावून कुंकू करतात, हे आमच्या आज्यापणज्यांना ठाऊक होते. तळव्यावरचे ते कुंकू मी कपाळाला लावले आणि सोबतच्या भगिनींनाही लावले. एक कणही पाण्यात पडू दिला नाही. राहिलेली हळद घरी आणून तुळशीच्या मातीत मिसळली. बाकीच्या दोघीतिघींनीही आपापली पुडकी परत पिशवीत घातली.

परतीच्या वाटेवर गाणी झाली, भेंड्या झाल्या. रात्री अकराला घरी पोहोचले. यजमानांनी विचारले, "काय पाहिलेस?" मी म्हटले, "सासूबाईंचे माहेर पाहिले."

भगिनींनो, इटलीचे सरोवर सुंदर असेल, ज्यांना जमेल त्यांनी जरूर पाहावे. पण आपल्या उशाशी असलेल्या या ठेव्याकडे आपण पाठ फिरवू नये. आणि पाहायला जाल तेव्हा काही सोडायला जाऊ नका. लोणारचे पाणी लाखो वर्षांनी आपल्यापर्यंत पोहोचले आहे. आपल्या लेकीसुनांनी तिथे हात बुडविला तर त्यांच्या तळव्यावरही हळदीचे कुंकू व्हावे, एवढे ते जसेच्या तसे राहू देणे आपल्या हाती आहे. मेहरूणच्या आणि पद्मालयाच्या पाण्यालाही हाच नियम आपण लावावा. मंडळाने यंदाच्या वर्षी एवढे एक व्रत घ्यावे, अशी माझी नम्र सूचना आहे.