राजापूर लोकसभा मतदारसंघ

दक्षिण रत्नागिरी आणि आजचा सिंधुदुर्ग हा मुलूख सामावणारा महाराष्ट्रातील जुना लोकसभा मतदारसंघ. 2008 च्या पुनर्रचनेत तो संपुष्टात आला.

1957, 1962 आणि 1967 अशा सलग तीन निवडणुकांत येथून प्रजा समाजवादी पक्षाचे नाथ पै निवडून आले. जानेवारी 1971 मध्ये बेळगावात त्यांचे निधन झाले. काही आठवड्यांतच झालेल्या निवडणुकीत, महाराष्ट्रभर इंदिरा लाट असताना, राजापूरने त्याच पक्षाचे मधु दंडवते यांना निवडले. पुढे पक्षांची नावे बदलली, खासदार तोच राहिला: 1977, 1980, 1984 आणि 1989. त्यांतला 1984 चा विजय सर्वांत बोलका. त्या वर्षीच्या सहानुभूतीच्या लाटेत भलेभले विरोधक वाहून गेले होते. दंडवते 1977 मध्ये रेल्वेमंत्री झाले. दुसऱ्या वर्गाच्या लाकडी बाकांवर फोमच्या गाद्या आल्या त्या त्यांच्याच काळात. कोकण रेल्वेला 1990 मध्ये गती मिळाली तेव्हा ते अर्थमंत्री होते.

1991 मध्ये काँग्रेसचे सुधीर सावंत यांनी समाजवाद्यांची सद्दी मोडली. मात्र काँग्रेसला येथे बस्तान बसवता आले नाही. मुंबईच्या चाकरमान्यांमार्फत गावोगाव पोचलेल्या शिवसेनेचे सुरेश प्रभू 1996 ते 2004 दरम्यान चार वेळा जिंकले. पुढे तेही रेल्वेमंत्री झाले.

2009 पासून हा भाग रत्नागिरी-सिंधुदुर्ग मतदारसंघात मोडतो. नव्या रचनेतील पहिल्याच लढतीत काँग्रेसचे नीलेश राणे यांनी प्रभूंना हरवले. राजापूर हे नाव आता विधानसभा मतदारसंघापुरते उरले आहे.