कुंपणानं शेत खाल्लं, त्याची गोष्ट



"कुंपणानंच शेत खाल्लं तर दाद कुणाकडं मागायची?" ही म्हण आपण माणसांबद्दल वापरतो. पण आपल्या मुलखात कुंपणानं खरोखरच शेत खाल्लेलं आहे, आणि तेही एकदा नाही, तीनदा. आज कराड भागात पुष्कळजण तारेचा आणि खांबांचा खर्च ऐकून पुन्हा फुलझाडांच्या कुंपणाकडं वळत आहेत. ही चांगली गोष्ट आहे. पण काडी रोवण्याआधी मागं काय घडलं ते ऐकून घ्या.

तार ही अलीकडची चीज. काटेरी तारेचं नामांकित पेटंट अमेरिकेत १८७४ साली निघालं. त्याआधी पुष्कळ शेतकरी कुंपण करायचे ते झाडाझुडपांचं. आपल्याकडं दोन तऱ्हा होत्या. एक, बाभळी-बोरीच्या काट्यांची कुपाटी. ही स्वस्त, पण दरसाल नवी घालावी लागे, वाळवी खाई, ठिणगी पडली की जळून जाई. दुसरी तऱ्हा जिवंत कुंपणाची. त्यात शेर, थोर, सागरगोटा, करवंद, मेंदी ही झाडं असत.

जिवंत झाडीची किंमत राज्यकर्तेही ओळखून होते. अठराव्या शतकाच्या सुरुवातीला रामचंद्रपंत अमात्यांनी 'आज्ञापत्र' लिहिलं. किल्ल्याभोवतीची दाट झाडी हीच किल्ल्याची राखण, ती वाढवावी, तिच्यातली काठीसुद्धा तोडू देऊ नये, अशी ताकीद त्यात आहे. आपल्या सदाशिवगडाकडं किंवा वसंतगडाकडं बघताना हे आठवावं. गडाला तटाबरोबर झाडीही लागत होती.

आता पहिलं कुंपण, निवडुंगाचं. आपला थोर वेगळा, आणि चपट्या फडांचा, पिवळ्या फुलांचा, लाल बोंडांचा फड्या निवडुंग वेगळा. फड्या हा अमेरिकेतला. निवडुंगाच्या जाती आपल्या देशात फोफावल्या त्यात रंगाच्या धंद्याचाही हात होता. मेक्सिकोत निवडुंगावर पोसणाऱ्या एका किड्यापासून उत्तम लाल रंग काढत. तो रंग आपल्या हाती यावा असं ईस्ट इंडिया कंपनीला वाटलं. १७९५ साली ब्राझीलकडून किडा कलकत्त्याला आणला. तो निघाला भलत्याच जातीचा, रंग हलका. धंदा बुडाला, पण त्या किड्यानं निवडुंगाची एक जात मात्र जिथं गेला तिथं साफ केली. फड्याला त्यानं तोंड लावलं नाही.

मग फड्याला रान मोकळंच मिळालं. लोकांनी तो बांधाला, गावाभोवती, वाटेच्या कडेनं लावला. लावायला कष्ट नाहीत, पाणी नको, गुरं शिवत नाहीत. पण फड तुटून पडला की तिथंच रुजतो आणि बोंडं खाऊन पाखरं बी दूर टाकतात. बघता बघता कुंपण बांध सोडून वावरात, गायरानात, ओढ्यात शिरलं. साप, उंदीर, डुकरं यांना आसरा झाला. कोयत्यानं तोडावा तर एका फडाचे चार होत.

शेवटी १९२६ साली श्रीलंकेतून याच कुळीतला, पण फड्यावर जगणारा किडा दक्षिण भारतात आणला गेला. कापसासारखा पांढरा लेप फडावर दिसे आणि झाड गळून पडे. थोड्याच वर्षांत मोठमोठी रानं मोकळी झाली. पिकाला न छळता तण मारणारा किडा कसा उपयोगी पडतो, याचं उदाहरण म्हणून कीटकशास्त्राच्या पुस्तकांत हे आजही सांगतात. पण दर वेळी असा किडा मदतीला येत नाही.

तो दुसऱ्या कुंपणाच्या वेळी आला नाही. हे कुंपण घाणेरीचं. काहीजण तिला टणटणी म्हणतात. १८०९ च्या सुमारास कलकत्त्याच्या सरकारी बागेत ती शोभेचं झाड म्हणून आली. एकाच गुच्छात पिवळी, केशरी, गुलाबी फुलं. साहेबांच्या बंगल्यांना तिचं कुंपण झालं. काळी फळं पाखरांनी खाल्ली आणि बी देशभर गेलं. आज डोंगरउतारावर तिनं गवत मारलेलं तुम्ही पाहताच. गुरांनी भुकेपोटी खाल्ली तर कावीळ होते, उन्हात कातडी भाजल्यासारखी होते.

तिसरं कुंपण बेशरमीचं. हे आमच्या घरचंच आहे, म्हणून सांगतो. ही दक्षिण अमेरिकेतली. कर्ण्यासारखी फिकट गुलाबी-जांभळी फुलं, आणि काडी रोवली की जगलीच. कुणीतरी सांगितलं म्हणून आजोबांनी मळ्याच्या कडेनं लावली. मी शाळेत होतो तेव्हा आजीची दुभती शेळी त्या कुंपणाला लागली. या झाडाची खोड अशी की शेळी आधी नाक मुरडते, पण एकदा चटक लागली की तेच शोधते. मग अंग वाळतं, मागचे पाय लटपटतात. शेळी गेली. आजोबांनी झाडं उपटून ओढ्याला फेकली, आणि दुसऱ्या पावसाळ्यात खालच्या तीन शेजाऱ्यांच्या काठाला बेशरम उभी! आजोबा म्हणायचे, "लावली व्हती चार काड्या राखणीला, आन् राखण मलाच करावी लागली."

आता एका वेगळ्या कुंपणाची हकीकत. मिठावरचा कर चुकवून कुणी मीठ नेऊ नये म्हणून इंग्रजांनी देशाच्या मधून जकातीची रेघ ओढली होती. १८६९ साली ही रेघ सुमारे २,३०० मैल लांब होती आणि तिच्यावर १२ हजारांच्या आसपास माणसं पहाऱ्याला होती. तिच्या बऱ्याच भागावर, पंजाबकडून थेट आपल्या खानदेशाला लागून असलेल्या बऱ्हाणपूरपर्यंत, कुंपण घातलं होतं. आधी ते वाळल्या काट्यांचं होतं. वाळवीनं, आगीनं, वादळानं ते पुरेवाट करी. म्हणून ॲलन ह्यूम या अधिकाऱ्यानं जिवंत कुंपणावर भर दिला. पुढं १८८५ साली काँग्रेसच्या स्थापनेत पुढाकार घेणारे ते हेच. त्या कुंपणात बोर, बाभूळ, करवंद, थोर, निवडुंग अशी ज्या त्या जमिनीला मानवणारी झाडं लावली. जमीन नापीक तिथं चर खणून चांगली माती भरली.

ते कुंपण गरिबाच्या मिठावर बसलेलं होतं, म्हणून त्याचं कौतुक करायचं कारण नाही. १८७९ साली ती जकातीची रेघ मोडली. पहारा उठला, छाटणी थांबली, आणि कुंपण इतकं नाहीसं झालं की पुढच्या पिढ्यांना त्याचा पत्ताही राहिला नाही. जिवंत कुंपण म्हणजे लावून विसरायची गोष्ट नव्हे, एवढं त्यातून कळतं. काळजी घ्याल तोवरच ते कुंपण.

या सगळ्यांतून धडा एकच निघतो. फुलाला भुलू नका. जे झुडूप बांध सोडून पळत नाही, तेच बांधाला लावा. काडी घेण्याआधी तीन प्रश्न विचारा. पाखरं किंवा पाणी हिचं बी-काडी दूर नेईल का? जनावरानं खाल्ली तर अपाय होईल का? आणि छाटलेला पाला माझ्या कामाला येईल का?

या परीक्षेला उतरणारी फुलझाडं आपल्याकडं आहेत.

मेंदी: पांढरी-पिवळसर सुवासिक फुलं. छाटणी सोसते, खालपासून दाट होते. पाला घरी वापरता येतो.

अडुळसा: पांढरी फुलं. छाट सहज जगतो. शेळी सहसा तोंड लावत नाही. पाला हिरवळीच्या खताला आणि खोकल्याच्या काढ्याला चालतो.

निर्गुडी: निळसर तुरे. ओढ्याकाठच्या, ओलीच्या बांधाला चांगली.

करवंद: पांढरी फुलं, मजबूत काटे, वर फळ. वाढ सावकाश, म्हणून पहिली दोन-तीन वर्षं धीर धरावा. बी ताजंच पेरावं.

गिरीपुष्प: हे परदेशी आहे, पण उपयोगी. उन्हाळ्याच्या तोंडाला गुलाबी फुलं येतात. पाला उत्तम खत. फुलं संपली की शेंगा वाळण्याआधी छाटावं, म्हणजे बी उडत नाही.

कण्हेर दिसायला सुरेख आणि फार चिवट, पण सर्वांगानं विषारी. गोठा, गुरांची वाट, मुलांची शाळा यांच्या जवळ ती लावू नका.

आता लावण्याची रीत. उन्हाळ्यात बांधाला दीड फूट रुंद, दीड फूट खोल चर घ्या. शेणखत व माती भरून ठेवा. जूनचा पाऊस लागला की दोन ओळी लावा. ओळीत एक फूट अंतर ठेवा, आणि दुसऱ्या ओळीची काडी पहिलीच्या दोन काड्यांच्या मधोमध येऊ द्या. चौरस एक एकराचा घेर सुमारे ८३५ फूट भरतो, म्हणजे १,६७० काड्या लागतील. शेजाऱ्याची छाटणी निघेल तेव्हा मागून घ्या, विकत आणायला नकोत. रोपं गुडघ्याएवढी झाली की मन घट्ट करून निम्म्यावर छाटा. बहुतेकजण इथंच चुकतात. छाटलं नाही तर झाड वर जातं आणि खाली शेळी शिरेल एवढी फट राहते. पुढं वर्षातून दोनदा छाटून उंची चार फुटांवर धरा, म्हणजे उसावर सावली पडणार नाही.

एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगतो. मोकाट गुरं आणि शेळ्या या कुंपणानं थांबतील. रानडुक्कर नुसत्या मेंदीनं थांबणार नाही, त्याला करवंद-सागरगोट्याची दाट जोड द्यावी लागेल, आणि तरी पीक कापणीला आलं की राखण लागेलच.

आणि शेवटचं. काडी रोवण्याआधी बांधापलीकडच्या भावाला बोलवा. हद्द दोघांनी मिळून बघा, झाड कोणतं ते दोघांनी ठरवा, छाटलेला पाला वाटून घ्या. आमच्या आजोबांची बेशरम तीन शेजाऱ्यांच्या रानात गेली, आणि त्यांच्याशी धरलेला अबोला सुटायला झाड मरण्यापेक्षा जास्त वर्षं लागली. तुमच्या बांधावरची मेंदी फुलेल तेव्हा तिचा वास दोन्ही बाजूंना जाऊ द्या.

रामराम.