डोंगराच्या नावाची गोळी

अचलपूरच्या कुठल्याही मेडिकलच्या दुकानात हिवाळ्यात दहा मिनिटं उभे राहा. बाहेर रस्त्यावर कापसाच्या गाड्या, जिनिंगकडून येणारा तो बारीक पांढरा भुसा, तुरीच्या मळणीची धूळ. आत काउंटरवर रुमाल नाकाला लावलेली माणसं. आणि त्यातला दर तिसरा-चौथा माणूस एकच शब्द म्हणतो.

"भाऊ, एलसी द्या न एक पत्ता."

दुकानदार पुढे काही विचारत नाही. चंदेरी पाकीट येतं, पैसे जातात. कंपनी कुठली हे घेणाऱ्याला माहीत नसतं आणि त्याने फरकही पडत नाही, कारण पाच-पन्नास कंपन्यांच्या नावांना शेवटी हेच 'एलसी' चिकटलेलं असतं. आमच्या मावशीकडे तर ते घरातल्या माणसाचं नाव असावं तसं वापरतात. "एलसी संपली का?" "रात्री एलसी घेतली होती न?"

मीही अनेक वर्षं ही गोळी घेत होतो. एलसी म्हणजे काय, हा प्रश्न कधी पडला नाही. तो पडला तेव्हा मावसभावाचा मुलगा रात्री दोन वाजता अंथरुणात उठून बसायला लागला होता. पण त्याच्याकडे नंतर येऊ. आधी नाव.

पाकीट उलटं करून वाचलं तर आत दोन औषधं निघतात. मोठ्यांच्या गोळीत मॉन्टेलुकास्ट १० मिलिग्रॅम आणि लेव्होसेटिरिझिन ५ मिलिग्रॅम. 'एलसी' हा यातल्या दुसऱ्याचा तुकडा आहे: एल म्हणजे लेव्हो, सी म्हणजे सेटिरिझिन. पहिलं औषध, वजनाने दुप्पट असलेलं, आपल्या बोलण्यातून पार गळून गेलंय.

तर आधी बोलण्यात उरलेला अर्धा भाग. सेटिरिझिन हे बेल्जियमच्या एका कंपनीचं, १९८०च्या दशकात बाजारात आलेलं औषध. त्याच कंपनीचं हायड्रॉक्सिझिन नावाचं जुनं औषध होतं, ते घेतलं की माणसाला पेंग यायची. शरीर या हायड्रॉक्सिझिनचं रूपांतर ज्या पदार्थात करतं तो पदार्थ म्हणजे सेटिरिझिन. झोप कमी आणतो, काम तेच करतो. म्हणून तोच वेगळा काढून विकला. शेवटचं '-रिझिन' हे त्याच्या रासायनिक घराण्याचं आडनाव समजा. आणि 'लेव्हो' म्हणजे डावा. काही रेणू आपल्या दोन हातांसारखे असतात, एकमेकांच्या आरशातल्या प्रतिमा. लुई पाश्चरने १८४८ मध्ये टार्टारिक आम्लाच्या क्षारांचे स्फटिक भिंगाखाली एकेक करून निवडले तेव्हा ही गंमत जगाला कळली. सेटिरिझिनचे असे दोन हात आहेत आणि ॲलर्जीवर त्यातला एकच नीट काम करतो. तो प्रकाशाला डावीकडे वळवतो, म्हणून लेव्हो. दहाऐवजी पाचच मिलिग्रॅम पुरतं ते यामुळे.

हे औषध हिस्टामिनला अडवतं. हिस्टामिन म्हणजे शिंका, नाकातलं पाणी, डोळ्यांची खाज आणि आपण ज्याला अंगावर 'पित्त उठलं' किंवा 'गांधी उठल्या' म्हणतो ते. त्या गांधींवर आमसूल चोळणाऱ्या आज्या अजून आहेत. त्यांच्या पुढच्या पिढीने ॲव्हिल घेतली आणि दिवसभर झोपली. ॲव्हिलही हिस्टामिनच अडवते. तिच्या पुढची पिढी आपली, एलसीवाली.

पण हिस्टामिन अडवणाऱ्या गोळ्यांची एक जुनी नामुष्की होती. त्या दम्यावर चालायच्या नाहीत. शिंका थांबायच्या, छातीतली घरघर नाही. का, याचं उत्तर गळून गेलेल्या नावात आहे.

१९३३ मध्ये बर्लिनमधल्या विल्हेल्म फेल्डबर्ग नावाच्या तरुण शास्त्रज्ञाला तो ज्यू आहे म्हणून प्रयोगशाळेतून काढून टाकलं. तो लंडनला गेला, तिथून काही वर्षांनी ऑस्ट्रेलियात मेलबर्नला. तिथे चार्ल्स केलावे सापाच्या विषांवर काम करत होते. दोघांनी मिळून प्राण्यांच्या फुप्फुसांत नागाचं विष सोडलं आणि फुप्फुसातून बाहेर आलेला द्रव गिनीपिगच्या आतड्याच्या तुकड्यावर टाकून पाहिला. हिस्टामिन असलं की आतडं झटक्यात आकसतं आणि लगेच सैल होतं. इथे ते आकसलं, पण सावकाश, आणि बराच वेळ आकसलेलंच राहिलं. म्हणजे हिस्टामिनखेरीज आणखी काहीतरी होतं. १९३८ मध्ये त्यांनी हे छापलं. त्या अनोळखी पदार्थाला नाव मिळालं ते त्याच्या स्वभावावरून: 'सावकाश परिणाम करणारा पदार्थ'. मला हे नाव फार आवडतं. काय आहे ते माहीत नाही, कसं वागतं तेवढं माहीत आहे, मग तेवढंच सांगा.

१९६० मध्ये वॉल्टर ब्रॉकलहर्स्ट यांनी दाखवलं की ॲलर्जीत फुप्फुसातून हाच पदार्थ सुटतो आणि हिस्टामिनविरोधी औषधांना तो दाद देत नाही. दम्याची घरघर का थांबत नव्हती ते उलगडायला लागलं. पदार्थ नेमका कोणता हे कळायला अजून १९ वर्षं लागली. स्टॉकहोममध्ये बेंग्ट सॅम्युएलसन यांच्या गटाने १९७९ मध्ये त्याचं बारसं केलं, ल्युकोट्रीन. 'ल्युको' म्हणजे पांढरं, कारण पांढऱ्या रक्तपेशींत तो बनतो. 'ट्रीन' म्हणजे रेणूतले तीन दुहेरी बंध. १९८२ मध्ये सॅम्युएलसन यांना नोबेल मिळालं, या आणि याच्या भाऊबंद रेणूंच्या कामासाठी.

आता रोखायचं काय ते कळलं, तेव्हा रोखणारी औषधं शोधायची शर्यत लागली. अशा औषधांच्या नावाला जागतिक आरोग्य संघटनेने शेपूट ठरवून दिलं, '-लुकास्ट'. संघटनेचं हे नामकरणाचं काम १९५०च्या दशकापासून चालू आहे. कंपनीने ब्रँडचं नाव काहीही ठेवावं, पण आतल्या औषधाला जगभर एकच नाव. त्यात एक मजेशीर नियम आहे. नावातून रोगाचा किंवा अवयवाचा इशारा मिळता कामा नये, नाहीतर लोक नाव वाचून स्वतःच औषध घेतील. म्हणजे ते नाव मुद्दामच आपल्याला न कळण्यासारखं ठेवलेलं असतं! लोकांनी यावर उपाय काढला: नावच सोडून दिलं, 'एलसी' म्हणायला लागले, आणि स्वतःच घ्यायला लागले.

'-लुकास्ट'च्या आधीचं 'मॉन्ट' कुठून आलं? ते एका शहराचं आहे. कॅनडातल्या मॉन्ट्रियलजवळच्या प्रयोगशाळेत मर्क कंपनीच्या गटाने हे औषध घडवलं आणि शहराचं अर्धं नाव त्याला दिलं. अमेरिकेत त्याला १९९८ च्या फेब्रुवारीत परवानगी मिळाली. मॉन्ट्रियल हे नाव तिथल्या एका डोंगराचं. १५३५ मध्ये जाक कार्तिए नावाचा फ्रेंच दर्यावर्दी तिथे पोचला आणि त्याने त्या डोंगराला 'मों रोयाल' म्हटलं, राजाचा डोंगर. तर आपल्या 'मॉन्ट'चा अर्थ डोंगर.

आणि अचल या संस्कृत शब्दाचाही एक अर्थ डोंगरच आहे, जो हलत नाही तो. सातपुड्याच्या पायथ्याचं अचलपूर, चिखलदऱ्याचा घाट जिथून दिसतो ते. एका डोंगरगावच्या नावाची गोळी दुसऱ्या डोंगरगावात रोज खपते आणि नेमकं डोंगराचं नावच तेवढं कुणी घेत नाही. योगायोग आहे, त्यातून काही सिद्ध होत नाही. पण मला कळलं तेव्हा मी तो मावशीला सांगितल्याशिवाय राहिलो नाही.

नावं बदलण्यात आमच्या गावाचा हात कुणी धरणार नाही. इंग्रजांच्या कागदांत हे एलिचपूर होतं, इमादशाहीच्या काळात वऱ्हाडची राजधानी असतानाही याच तोंडवळ्याचं नाव चालायचं. ईल नावाच्या राजावरून ते आलं अशी दंतकथा गावात सांगतात. पण बाराव्या शतकात गुजरातेत हेमचंद्र नावाचा जैन वैयाकरण होऊन गेला. त्याने प्राकृत भाषेचे नियम लिहिले तेव्हा एक अख्खं सूत्र केवळ अचलपूर या नावासाठी खर्च केलं आहे: या शब्दात च आणि ल जागा बदलतात, लोक 'अलचपुर' म्हणतात. अलचपुर, मग एलिचपूर. म्हणजे नऊशे वर्षांपूर्वीच बोलणाऱ्यांच्या जिभेने गावाचं नाव उलटंपालटं केलं होतं आणि ते इतकं रुळलं होतं की व्याकरणात नोंदवावं लागलं. इथे आजही 'गोळी'ची 'गोयी' होते आणि 'डोळा'चा 'डोया'. सेटिरिझिनचं 'सिट्रीजन' झालं त्यात नवल नाही.

एलिचपूर म्हटलं काय, अचलपूर म्हटलं काय, गाडी तिथेच पोचते. 'एलसी'चं तसं नाही. इथे नावातून जे गळलं त्याच्याबरोबर एक सूचनाही गळली.

मावसभावाचा मुलगा तेरा वर्षांचा. दिवाळीनंतर त्याला शिंकांनी हैराण केलं, डॉक्टरांनी काही दिवसांसाठी एलसी लिहून दिली. शिंका थांबल्या. गोळी बंद केली की परत सुरू. मग घरच्यांनी चिठ्ठीशिवाय आणायला सुरुवात केली आणि ती पाच महिने चालली. मध्येच कधीतरी पोरगा बदलला. चिडचिड, अभ्यासातून लक्ष उडालेलं, रात्री दचकून उठणं, स्वप्नात कुणीतरी विहिरीत ढकलतंय म्हणून ओरडणं. मावशीने मीठ-मोहऱ्यांनी दृष्ट काढली. वडिलांनी मोबाइल काढून घेतला. मीही फोनवर हेच म्हणालो होतो, की मोबाइलचा परिणाम असेल.

अमेरिकेच्या औषध प्रशासनाने ४ मार्च २०२० रोजी मॉन्टेलुकास्टच्या माहितीपत्रकावर चौकटीतला इशारा छापायला लावला. औषधावर देता येणारा हा सगळ्यात कडक इशारा. झोपेत बिघाड, भीतीदायक स्वप्नं, चिडचिड, नैराश्य, क्वचित आत्महत्येचे विचार. नुसत्या ॲलर्जीच्या सर्दीसाठी हे औषध दुसरं काही चालत नसेल तरच द्यावं, असंही त्यात म्हटलंय. ही बातमी जगभर आली ती 'मॉन्टेलुकास्ट' या नावाने. आमच्या घरात त्या नावाचं औषध कुणी घेतच नव्हतं. आम्ही एलसी घेत होतो.

शेवटी परतवाड्याच्या एका डॉक्टरांनी पाकीट मागवून घेतलं, मागची बारीक अक्षरं वाचली आणि विचारलं, "हे कधीपासून देताय?" त्यांनी मॉन्टेलुकास्ट थांबवलं, फक्त लेव्होसेटिरिझिन आणि नाकात मारायचा फवारा दिला. दोन-तीन आठवड्यांत पोरगा रात्रभर झोपायला लागला. गोळीमुळेच झालं होतं का, हे एका मुलावरून सांगता येत नाही. परीक्षाही त्याच सुमारास संपली होती. लाखो लोक ही गोळी काही त्रास न होता घेतात, आणि दम्याच्या रुग्णाने ती असं काही वाचून स्वतःच्या मनाने बंद करणं हा वेगळा धोका आहे.

पाकिटावर सगळं लिहिलेलं असतं, हे खरं आहे. २०१८ पासून आपल्याकडे नियमही आहे की औषधाचं मूळ नाव ब्रँडच्या नावापेक्षा किमान दोन आकारांनी मोठं छापावं. डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकू नये, हेही त्यावर असतं. फक्त ते इंग्रजीत असतं, चकचकीत चंदेरी कागदावर, आणि मेडिकलवाला अर्धा पत्ता कात्रीने कापून देतो तेव्हा नाव नेमकं दुसऱ्या अर्ध्यावर राहतं.

हे सगळं सांगून झाल्यावर मावशी बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "काहून रे बाबू, सर्दीच्या गोयीनं सपन पडते काय?" पडू शकतं म्हटलं. तिने नाव परत विचारलं, दोनदा पुटपुटून पाहिलं आणि नातवाच्या वहीच्या मागच्या पानावर स्वतःच्या हाताने लिहून ठेवलं. परवा गेलो तेव्हा पाहिलं. तिने लिहिलंय: 'मोंटेकुलास. पोट्ट्याले द्यायची नाही.' ल आणि क यांनी जागा बदलल्या आहेत.